जेन शेवटी रॉचेस्टरकडेच परत जाते, मग ती स्वतंत्र कशी?

नौपाडा_वाचक
आमच्या वाचन गटात या महिन्यात शार्लट ब्राँटेची 'जेन आयर' (१८४७) ही कादंबरी होती: जेन ही अनाथ शिक्षिका, रॉचेस्टर तिचा श्रीमंत मालक. निम्म्याजणींचं म्हणणं, एवढा बाणेदारपणा दाखवून बाई शेवटी त्याच माणसाशी लग्न करते, म्हणजे सगळं मुसळ केरात. मला हे अजिबात पटलेलं नाही. तुम्ही कसं वाचता?

घणसोलीची_लेक
शेवट राहू दे, आधी लग्न ठरल्यानंतरची खरेदी परत वाच. रॉचेस्टर सहा रेशमी पोशाख घ्यायला बघतो, ती हुज्जत घालून दोनवर आणते. वर बजावते, लग्नानंतरही आदेलला (त्याच्याकडे वाढणाऱ्या मुलीला) मीच शिकवणार आणि वर्षाचे ३० पौंड घेणार. त्याच दिवशी तिच्या मनात येतं, आपले स्वतःचे चार पैसे असते तर हे असं मिंधं वाटलं नसतं. घरी येताच ती मदिरातल्या काकाला पत्र लिहिते. त्या पत्रामुळे मेसनला, म्हणजे रॉचेस्टरच्या पहिल्या बायकोच्या भावाला, लग्नाचं कळतं आणि चर्चमध्ये रॉचेस्टरचं बिंग फुटतं! पहिली बायको जिवंत असल्याचं जेनला समजतं ते तिने स्वतःच्या पैशाचा विचार केला म्हणून.

मला हे फार लागतं. आमच्याकडे सरकारने घेतलेल्या जमिनीच्या बदल्यात साडेबारा टक्क्यांचा प्लॉट मिळाला तेव्हा आत्यांनी हक्कसोडपत्रावर सह्या केल्या. धाकटी आत्या पेन हातात घेऊन बाबांना विचारत होती, "दादा, दिवाळीला बोलावशील ना?" हिस्सा मागितला तर माहेर तुटेल, ही भीती. जेन मात्र त्या काकाचे २०,००० पौंड वारशात मिळाल्यावर स्वतःचे आणि तीन भावंडांचे असे चार वाटे करते, प्रत्येकाला ५,०००, आणि तरीही नाती टिकतात. त्यानंतर रॉचेस्टरची हाक ऐकू आल्यासारखी वाटते आणि ती त्याच्याकडे जाते, पण मिंधी म्हणून नव्हे. जाऊन पहिल्याच भेटीत सांगते की आता मी माझी मुखत्यार आहे.

वाशी_वकील
ताई, मुद्दा मान्य. पण तेव्हा इंग्लंडात लग्न झालं की बायकोचा पैसा कायद्याने नवऱ्याचा व्हायचा, वेगळी तजवीज केली नसेल तर. हे बदललं १८७० आणि १८८२ च्या कायद्यांनी. त्या पहिल्या बायकोबरोबर, बर्थाबरोबर, आलेले ३०,००० पौंड रॉचेस्टरचे झाले, ती तिसऱ्या मजल्यावर कोंडलेली.

नौपाडा_वाचक
मग पुढच्या बैठकीत बर्थाच घेऊ. तिची बाजू तिच्या तोंडून एकदाही येत नाही, जे कळतं ते बहुतेक रॉचेस्टरच सांगतो. शनिवारी पाच वाजता, दोघीही या.