इंटरोबँग (‽): गरज की नुसती हौस?

कानामात्रा

प्रश्नचिन्हाच्या पोटात उद्गारचिन्ह उभं केलेलं आणि खाली दोघांत मिळून एकच टिंब: ‽. याला इंटरोबँग म्हणतात. मार्टिन स्पेक्टर नावाचे गृहस्थ न्यूयॉर्कमध्ये जाहिरात संस्था चालवायचे. जाहिरातीतला प्रश्न उत्तरासाठी नसतोच, वाचणाऱ्याने डोळे विस्फारावेत एवढ्यासाठी असतो. अशा वाक्यांसाठी एकच चिन्ह असावं, असं त्यांनी १९६२ साली 'टाइप टॉक्स' या नियतकालिकात सुचवलं. नावासाठी वाचकांकडून सूचनाही मागवल्या. शेवटी टिकलं ते प्रश्नासाठीचा लॅटिन शब्द आणि छापखान्यातली मंडळी उद्गारचिन्हाला म्हणत ते 'बँग' यांचं जोडनाव. १९६६ साली रिचर्ड इझबेल यांच्या 'अमेरिकाना' टंकात हे चिन्ह आलं, १९६८ मध्ये रेमिंग्टनने टाइपरायटरवर त्याची कळ दिली आणि नंतर सगळं थंडावलं. आज युनिकोडमध्ये, म्हणजे संगणकावरच्या अक्षरांच्या जागतिक यादीत, त्याला स्वतःची जागा आहे, पण वापरणारे विरळाच.

माझं म्हणणं, आपण ते वापरायला घ्यावं. मराठीला तर त्याची गरज इंग्रजीपेक्षा जास्त आहे. इंग्रजीत प्रश्न विचारताना शब्दांची अदलाबदल होते, चिन्ह नसलं तरी प्रश्न ओळखू येतो. आपल्याकडे 'तू राजीनामा दिलास' हे वाक्य विधान म्हणून, प्रश्न म्हणून, कौतुक म्हणून जसंच्या तसं येतं. आवाज फिरतो, शब्द हलत नाहीत. कागदावर तो आवाज दाखवायला शेवटच्या चिन्हाशिवाय काही नाही. 'तू राजीनामा दिलास?' म्हणजे मला माहीत नाही, सांग. 'तू राजीनामा दिलास!' म्हणजे शाब्बास, किंवा अरेरे. आणि ऐकून खुर्चीतून उठलेल्या माणसाचं काय? तो एका दमात विचारतोही आहे आणि ओरडतोही आहे. त्याच्यासाठी आपण '?!' लिहितो, '!?' लिहितो, चेव आला की '??!!' लिहितो. ज्याला जसं सुचेल तसं. एका भावनेला एक चिन्ह, इतकी साधी मागणी आहे.

उंट तिरका

मागणी साधी आहे, पण '?!' आणि '!?' एकच आहेत हे कोणी सांगितलं? बुद्धिबळाची टिपणं उघडून पाहा. उत्तम चालीला '!', चुकीला '?', घोडचुकीला '??'. इथवर सगळ्यांना कळतं. गंमत पुढे आहे. एखाद्याने प्यादं सोडून देऊन हल्ला उघडला, तो हल्ला टिकेल याची खात्री नाही, पण चाल विचारात घेण्याजोगी आहे; तिला '!?' मिळतं. दुसऱ्याने उगाच राजासमोरचं प्यादं पुढे ढकललं, सरळ चूक म्हणता येत नाही, पण लक्षण बरं नाही, तिला '?!'. पहिल्यात कौतुक आधी, शंका मागून. दुसऱ्यात शंका आधी, जेमतेम सवलत मागून. एखाद्या भाष्यकाराने माझ्या चालीपुढे '?!' टाकलं तर मी दोन दिवस त्याच्याशी बोलणार नाही, '!?' टाकलं तर चहा मी पाजेन.

जगभरचे खेळाडू भाषा न येताही ही खूण वाचतात. तिथे ‽ आणून ठेवा, दोन अर्थांतला एक मेला. कुठला मेला तेही कळणार नाही.

कानामात्रा

बुद्धिबळातल्या खुणा हा संकेत आहे, विरामचिन्हं नव्हेत. त्या चालीपुढे लागतात, वाक्यापुढे नाही, आणि मोठ्याने वाचताना त्यांचा काही आवाज होत नाही. गणितात '!' म्हणजे क्रमगुणित, म्हणून आपण उद्गारचिन्ह वापरायचं सोडलं का? बुद्धिबळवाल्यांनी खुशाल दोन खुणा ठेवाव्यात. मी बोलतोय ते संवादांबद्दल. कादंबरीत कोणता लेखक '?!' आणि '!?' यांत फरक करून लिहितो?

उंट तिरका

जाणूनबुजून करणारे थोडे असतील, पण वाचणाऱ्याच्या कानात फरक पडतोच. 'तू राजीनामा दिलास?!' इथे प्रश्न आधी कानावर पडतो, धक्का त्याच्या पाठोपाठ. 'तू राजीनामा दिलास!?' इथे आधी किंकाळी, मग 'खरंच?'. कॉमिक्समध्ये तर हे पानोपानी सापडेल.

जपानीत उभ्या ओळींत मजकूर लावताना दोन्ही चिन्हं एका चौकोनात शेजारीशेजारी बसवतात. असा उभा मजकूर डोळ्यांपुढे ठेवून युनिकोडने जोडचिन्हं दिली, ती दोन वेगवेगळी: ⁈ आणि ⁉. म्हणजे जिथे जागा वाचवायची खरी गरज होती, तिथेही क्रम मोडला नाही. दोन्ही एकमेकांत घुसवून टाकायचा सोस फक्त इंटरोबँगवाल्यांना.

जुना जुळारी

अर्थाचं तुमचं चालू द्या, मी आयुष्यभर अक्षरं जुळवली आहेत, डोळ्यांना काय दिसतं ते सांगतो. प्रश्नचिन्हाची सगळी ओळख त्याच्या पोटातल्या रिकाम्या जागेत असते. तो आकडा उघडा दिसला पाहिजे. त्यात उभी रेघ घातली की मोठ्या मथळ्यात सुरेख दिसतं, ऑस्ट्रेलियातल्या न्यू साउथ वेल्सच्या राज्य ग्रंथालयाने ते बोधचिन्हात घेतलं ते उगाच नाही. पण तेच दहा पॉइंटात, साध्या कागदावर छापा. शाई पसरते, पोट बुजतं, शिल्लक राहतो एक ठिपका. वाचकाला वाटतं, छपाईत घाण आली. अमेरिकाना टंक मुळात रुंद आणि ऐसपैस अंगाचा, त्याला ते मानवलं. चिंचोळ्या टंकात रेघ घालायची कुठे?

दुसरं देवनागरीचं. ज्या फाँटात हे चिन्ह नाही, तिथे संगणक गुपचूप दुसऱ्या फाँटातून उचलून आणतो. मग सगळी ओळ एका जाडीची आणि शेवटचं चिन्ह परक्या घरचं, शिरोरेषेच्या वर डोकं काढून बसलेलं. बिचाऱ्या मुद्रितशोधकाने ते कापलं तर लेखक भांडायला येणार. विंगडिंग्ज २ नावाच्या फाँटात त्याचे प्रकार आहेत, म्हणजे कुठे ठेवलंय पाहा: चौकोन, चांदण्या आणि बोट दाखवणारे हात यांच्या पंगतीला.

चांगलं एक सांगतो, विरोधासाठी विरोध नको. कळ नव्हती म्हणून चिन्ह मेलं, असं कोणी म्हणालं तर मानू नका. कित्येक जुन्या टाइपरायटरवर उद्गारचिन्हाचीच कळ नसायची. लोपचिन्ह (') मारायचं, एक घर मागे यायचं, त्याखाली टिंब मारायचं. लोकांना हवं होतं म्हणून एवढा खटाटोप करून ते उद्गारचिन्ह काढत. इंटरोबँगही '?' वर '!' ठोकून काढता येत होतं. फार थोड्यांनी काढलं.

वाचनवेडी

फार थोड्यांनी, पण कुठे कुठे! अमेरिकेतल्या अपील न्यायालयाचे न्यायमूर्ती फ्रँक ईस्टरब्रुक यांनी २०१२ च्या एका निकालपत्रात ‽ वापरलंय. कंपनीच्या संचालकांवरून चाललेला रुक्ष दावा, आणि मध्येच हे. निकालपत्रात चालतं तर आपल्याला काय धाड भरली आहे?

बोलीबहाद्दर

कानामात्रा, तुमचा मराठीचा मुद्दा मला बरोबर उलटा दिसतो. 'शब्द हलत नाहीत' हे तुम्ही निवडलेल्या वाक्यापुरतं खरं. बोलताना आपण शब्द हलवत नाही, शब्द घालतो. 'राजीनामा दिलास की काय?' यात धास्ती आहे. 'राजीनामा दिलास होय!' यात आत्ता उलगडा झालाय. 'दिलास ना राजीनामा?' यात खात्री करून घेणं आहे, आणि थोडी कुरबुरही. 'अरे, दिलास पण!' यात इतक्या लवकर अपेक्षा नव्हती. 'म्हणजे, तू राजीनामा दिलास?' यात पुढच्या भांडणाची तयारी. की, काय, ना, होय, पण, बरं, म्हणे, हे इवलेसे शब्द आपल्याकडे स्वर सांभाळतात. ज्या भाषेत हे असतं तिला वाक्याच्या शेवटी आणखी एक खांब कशाला?

नुसतं 'हो का' घ्या. 'हो का?', 'हो का!' आणि 'हो का.' पूर्णविरामवालं सगळ्यात जहाल आहे, त्यात विचारणंही आहे, टोमणाही आहे, आणि दार लावून घेणंही आहे. तिथे ‽ टाका, सगळी धार गेली.

विरामचिन्हं आपण घेतली तीच मुळी एकोणिसाव्या शतकात, इंग्रज कोशकार मेजर कँडी यांच्यासारख्यांच्या खटपटीने. त्याआधीच्या हस्तलिखितांत दंड (।) सोडला तर फारसं काही नाही, आणि तरी माणसं रडत, हसत, चिडत होती.

तिरकस

मला यात जुनाच रोग दिसतो. माणसाला दर काही वर्षांनी वाटतं की लिहिताना भाव निसटतो, चला एक चिन्ह काढू. १५८० च्या दशकात लंडनमधले मुद्रक हेन्री डेनम यांनी उत्तर नको असलेल्या प्रश्नांसाठी उलटं फिरवलेलं प्रश्नचिन्ह (⸮) वापरलं. ते सतराव्या शतकात विझलं. १८९९ मध्ये फ्रान्समध्ये अल्कांतर द ब्राम यांनी उपरोधाचं चिन्ह काढलं. १९६६ मध्ये एर्वे बाझँ या फ्रेंच लेखकाने तर प्रेमाचं, शंकेचं, अधिकाराचं, अशी अख्खी माळच सुचवली. २०१० मध्ये कोणी उपरोधाचं चिन्ह विकायलाही काढलं होतं, पैसे भरा आणि डाउनलोड करा. उपरोधावर 'हा उपरोध आहे' अशी चिठ्ठी लावल्यावर उरतं काय?

तुमचं ‽ त्याच वळणाचं. आश्चर्य वाक्यात नसेल तर शेवटच्या चिन्हाने येणार नाही. आणि असेल तर साधं '?' पुरतं. उलट साधं '?' जास्त गार असतं, जास्त घाबरवतं.

कानामात्रा

तिरकस, इथे तुम्ही दोन वेगळ्या गोष्टी एका दावणीला बांधताय. उपरोधाचं चिन्ह बोलणाऱ्याच्या मनातला हेतू फोडून सांगतं, म्हणून ते मारक. उपरोधी माणूस तोंडाने साधंच बोलतो, ऐकणाऱ्याने ओळखायचं असतं. इंटरोबँग हेतू सांगत नाही, आवाज सांगतं. खोलीत असलेल्या कुणालाही तो चढलेला आवाज ऐकू आलाच असता. '?' आणि '!' हेच काम करतात. मग त्यांनाही तुमचा न्याय लावा, वाक्यात प्रश्न नसेल तर चिन्हाने येणार नाही म्हणा आणि सगळीकडे पूर्णविराम द्या.

आणि 'चिन्हं काढून टिकत नाहीत' हेही खरं नाही. स्पॅनिश अकादमीने १७५४ मध्ये प्रश्नाच्या सुरुवातीला उलटं ¿ लावायचा नियम केला. आज तिथल्या शाळकरी मुलालाही ते विचित्र वाटत नाही.

उंट तिरका

स्पॅनिश काढलंत ते बरं केलंत! त्याच अकादमीपुढे तुमचाच प्रश्न आहे: वाक्य प्रश्नही आहे आणि उद्गारही, मग करायचं काय? त्यांची परवानगी अशी, की ¡ ने उघडा आणि ? ने मिटवा, किंवा ¿ ने उघडून ! ने मिटवा, नाहीतर दोन्ही बाजूंना दोन्ही चिन्हं लावा. चिन्ह फिरवायची, उलटी उभी करायची हौस असलेली अकादमी, आणि तिनेही ‽ काढलं नाही. आहेत त्याच चिन्हांचा क्रम वापरला. अकादमी तुमची, मुद्दा माझा.

जुना जुळारी

नुसता वाद नको, कानामात्रा. एक संवाद घाला इथे, ज्यात '?' चालत नाही, '?!' चालत नाही आणि ‽ च लागतं.

कानामात्रा

घ्या.

'मी राजीनामा दिला.'

'तू राजीनामा दिलास‽'

'हो. आणि त्यांनी लगेच घेतलासुद्धा.'

मधल्या ओळीत '?' घातलं तर बोलणारी शांतपणे माहिती विचारते आहे. '!' घातलं तर तिने बातमी पचवली. '?!' मध्ये मला दोन पायऱ्या ऐकू येतात, उंट तिरका म्हणतात तशाच. आधी हे, मग ते. मला एकच झटका हवाय.

बोलीबहाद्दर

'तू राजीनामा दिलास होय गं!' लिहा की. चिन्ह कुठलं का असेना, झटका बसतो.

कानामात्रा

बसतो, पण माझा नाही. 'होय गं' घातलंत आणि बोलणारी साठीची झाली, स्वयंपाकघरातून हात पुसत बाहेर आली. माझं पात्र सोळा वर्षांची मुलगी आहे, आईच्या राजीनाम्याची बातमी ऐकते आहे. तुमचे ते इवलेसे शब्द नुसता स्वर आणत नाहीत, वय आणतात, गाव आणतात, नातं आणतात. तिच्या तोंडी शब्द तेवढेच राहू द्यायचेत आणि आवाज तेवढा चढवायचाय.

तिरकस

सोळा वर्षांची मुलगी '???!!!' लिहील. ‽ तिला कीबोर्डवर सापडायचं नाही.

कानामात्रा

ती बोलते आहे, टाइप करत नाहीये. लिहितोय मी.