रणजी खेळून झालं, आता कोचिंग. नागपुरातून वर जायचा रस्ता कोणता?

सिव्हिल_लाइन्स_एंड:
भारतीय संघाच्या मुख्य प्रशिक्षकासाठी २०२४ मध्ये जाहिरात आली, त्यात ३० कसोटी किंवा ५० वनडे अशी अट होती. मग विदर्भाकडून ३०-४० रणजी सामने खेळून थांबलेल्याने वरचं कोचिंग विसरायचं का? आधी बोर्डाचे प्रशिक्षकांसाठीचे लेव्हलचे कोर्स, की आधी एखादा संघ?

जामठा_फाटा:
जाहिरात पूर्ण वाचा भाऊ. त्या अटीनंतर 'किंवा' होतं. कसोटी देशाचा मुख्य प्रशिक्षक म्हणून २ वर्षं, किंवा आयपीएल, प्रथम श्रेणी वा 'अ' संघाचा म्हणून ३ वर्षं, किंवा बोर्डाची लेव्हल ३. वय तेवढं सगळ्यांनाच ६० च्या आत.

प्रशिक्षक चंद्रकांत पंडित स्वतः फक्त ५ कसोटी खेळलेले. त्यांच्या हाताखाली विदर्भाने २०१७-१८ आणि २०१८-१९ लागोपाठ रणजी जिंकली, पुढे २०२२ मध्ये मध्य प्रदेशने. ऑस्ट्रेलियाचे प्रशिक्षक जॉन बुकॅनन तर कसोटी खेळलेच नाहीत, तरी २००३ आणि २००७ चे विश्वचषक त्यांच्याच काळातले.

थ्रोडाउन_काका:
कोर्स आणि संघ सोबतच चालू द्या. सुरुवात १६ किंवा १९ वर्षांखालच्या मुलांपासून करा, सीनियर संघात साहाय्यक म्हणून शिरायची घाई नको. खेळाडूला स्वतःचं अंग कळतं, कोचला पंधरा जणांची वेगवेगळी अंगं वाचावी लागतात.

नवा कोच फसतो तो नेटच्या हिशेबात. समजा १५ फलंदाज, ३ नेट (वेगवान, फिरकी, आणि थ्रोडाउन म्हणजे कोचने हाताने फेकलेले चेंडू), प्रत्येकी १० मिनिटं. वेगवान नेट १५० मिनिटं चाललं. अर्ध्या मिनिटाला एक चेंडू धरा, म्हणजे ३०० चेंडू. ५ गोलंदाज असले तर प्रत्येकी १० षटकं, ठीक आहे. दोघं दुखापतीने बसले आणि वेळ तोच ठेवला, की उरलेल्या तिघांवर १६-१७ षटकं येतात. परवा चार दिवसांचा सामना आहे आणि पोरगा सरावातच एक डाव टाकून बसला! कंबरेचं स्ट्रेस फ्रॅक्चर (ताणाने हाडाला पडणारी बारीक चीर) असंच साचत जातं, आणि मग महिनोन्‌महिने पोरगा बाहेर. वेगवान नेट वरच्या सहा-सात फलंदाजांपुरतंच ठेवा, बाकीच्यांना साइडआर्म, म्हणजे चेंडू जोरात फेकायची दांडी. नेटमधले चेंडूही वहीत मोजा, फक्त सामन्यातली षटकं नको.

सिव्हिल_लाइन्स_एंड:
आणि तंत्रातला बदल? माजी फलंदाज आले की पहिल्याच आठवड्यात बॅकलिफ्ट (बॅट मागे उचलायची पद्धत) बदलायला लावतात.

थ्रोडाउन_काका:
तीच तर खोड. 'मी असा खेळायचो' हे कोचिंग नव्हे. बदल करायचा तो मे ते सप्टेंबरमध्ये. आपल्याकडे मे मध्ये पारा ४५ ला टेकतो, म्हणून नेट सकाळी ६ ते साडेआठ, पावसाळ्यात इनडोअर. २०२४-२५ मध्ये रणजीचे दोन तुकडे झाले, मधे मुश्ताक अली (टी-२०) आणि विजय हजारे (वनडे), दोन्ही पांढऱ्या चेंडूच्या स्पर्धा. ती मधली खिडकी दुरुस्तीची वाटते, पण फलंदाज तेव्हा पांढऱ्या चेंडूच्या घाईत असतो. पाय आणि डोकं कुठे आहे एवढंच बघा, ग्रिपला हात लावू नका.

जामठा_फाटा:
आणि नावाचा फायदा नाहीच असंही नाही, राजेहो. गंभीर आयपीएलमध्ये लखनौ आणि कोलकात्याचे मेंटर होते, तिथून २०२४ मध्ये थेट भारतीय संघाकडे. द्रविड मात्र आधी 'अ' संघ, १९ वर्षांखालचे, मग एनसीए (राष्ट्रीय क्रिकेट अकादमी) असे पायरीपायरीने गेले. नागपुरातल्या माणसाला हा पायरीपायरीचा रस्ताच जवळचा. २०२४-२५ ची रणजी विदर्भाने जिंकली तेव्हा मुख्य प्रशिक्षक उस्मान घनी होते, विदर्भाकडूनच खेळलेले.

सिव्हिल_लाइन्स_एंड:
ठीक, १६ वर्षांखालचेच धरतो. वही घेतली.