सासऱ्यांना आठ दिवस साफ नाही, पण धोतराला पातळ डाग: जुलाब की अडकलेला खडा?

खानापूर_सून
नमस्कार. सासरे, वय ७८, काठी धरून घरातल्या घरात फिरतात. बरेच महिने तिसऱ्या-चौथ्या दिवशी, तेही कुंथून, खडे खडे होतं. या खेपेला आठ दिवस झाले, काहीच नाही. कालपासून धोतराला पातळ डाग पडालेत, त्यांना कळतही नाही. घरात कुणी म्हणतंय जुलाब लागलेत, बंद करायची गोळी द्या. कुणी म्हणतंय इसबगोल वाढवा. रात्री पोट साफ व्हायचं दोन चमचे चूर्ण चालूच आहे. बाकी गोळ्या: रक्तदाबाची अ‍ॅम्लोडिपिन, लोह, कॅल्शियम आणि गुडघ्यांसाठी ट्रॅमाडॉल. दोन्ही वेळ भात-आमटी, दात नाहीत. काय करावं, सांगा की.

रुग्णसेवा_बेळगाव
ताई, बंद करायची गोळी अजिबात देऊ नका. आठ दिवस काही नाही आणि मग नकळत पातळ डाग, याचा अर्थ बहुतेक वेळा गुदाशयात सुकलेल्या मळाचा गोळा अडकलाय आणि वरचा पातळ मळ त्याच्या कडेनं झिरपतोय. गोळीनं आतडं आणखी थंडावेल. इसबगोलही आत्ता नको: अडकलेल्या गोळ्यामागे आणखी लगदा साठतो आणि पोट जास्तच तट्ट होतं.

आजच डॉक्टरांना दाखवा. हातमोजा घालून बोटानं तपासलं की खाली गोळा आहे का ते दोन मिनिटांत समजतं. खाली हाताला काही लागलं नाही तरी वर अडकलेला असू शकतो, म्हणून पोटही तपासायला सांगा. दवाखान्यात कन्नडमधून बोलायचं असेल तर 'मलबद्धते' म्हणा, आणि डागांचं आवर्जून सांगा. लाजेपोटी नेमकं तेच सांगायचं राहतं.

घरी बोट घालून काढू नका, साबणाच्या पाण्याचा एनिमा देऊ नका. दुकानात मिळणारा फॉस्फेटचा तयार एनिमाही या वयात मनानं नको, मूत्रपिंड कमजोर असेल तर रक्तातले क्षार बिघडतात. उलट्या, फुगलेलं पोट, वारा न सरणं, लघवी तुंबणं, रक्त किंवा अचानक बरळणं, यातलं काहीही दिसलं तर रात्र काढू नका.

औषधदुकान_निपाणी
तुमच्या यादीतच निम्मं उत्तर आहे. ट्रॅमाडॉल आतड्याची हालचाल मंदावते, लोह आणि कॅल्शियम मळ घट्ट करतात. अ‍ॅम्लोडिपिनचा वाटा त्या मानानं कमी. मनानं काही बंद करू नका, पण सगळी पाकिटं पिशवीत घालून डॉक्टरांपुढे ठेवा आणि विचारा: गुडघ्यांसाठी दुसरं काही चालेल का, लोह एक दिवसाआड देता येईल का, कॅल्शियम खरंच लागतंय का. गोळ्या तशाच ठेवून चूर्ण वाढवत जाणं म्हणजे भोक न बुजवता घागर भरणं. बहुतेक चूर्णांत सोनामुखी असते, काहींत मीठही. रक्तदाब असलेल्यांनी पाकिटावरचे घटक वाचावेत.

एकदा मोकळं झाल्यावर रोजचं औषध लागेल. साधारण पॉलिइथिलीन ग्लायकॉलची पूड, १७ ग्रॅम एक पेलाभर (२५० मिली) पाण्यात. परिणामाला एक ते तीन दिवस लागतात, म्हणून दुसऱ्याच दिवशी 'काही उपयोग नाही' म्हणून सोडू नका. लॅक्टुलोज १५ ते ३० मिली हाही पर्याय, पण त्यानं वारा धरतो. बिसाकोडिल ५ मिग्रॅ रात्री दिली तर सकाळी काम होतं. ती गोळी फोडायची नाही आणि दुधाबरोबर द्यायची नाही. वरचं आवरण पोटातच विरघळतं आणि मुरडा येतो. रात्री दुधाबरोबर गोळ्या घ्यायची सवय असते, तिथंच चूक होते.

आणि पातळ पॅराफिन (पोट साफ व्हायला देतात ते खनिज तेल) नको. ठसका लागून ते फुप्फुसात गेलं तर न्यूमोनिया होतो.

खानापूर_सून
आजच नेतो. रोज औषध दिलं की सवय लागत नाही का? आणि भात सोडवत नाहीत.

रुग्णसेवा_बेळगाव
पॉलिइथिलीन ग्लायकॉल आतड्यात पाणी धरून ठेवतं. डॉक्टरांच्या देखरेखीत ते महिनोन्महिने देता येतं. सवयीच्या भीतीनं मध्येच बंद केलं की पुन्हा गोळा होतो.

चिकोडीकर
भात सोडवू नका, सोबत भाकरी आणा. १०० ग्रॅम पांढऱ्या तांदळात तंतू ३ ग्रॅमच्या आत, ज्वारीत सुमारे १०, नाचणीत ११. दात नाहीत म्हणून ताजी मऊ भाकरी आमटीत कुस्करून द्या, कडक भाकरी नको. आठवड्याला थोडं थोडं वाढवा, एकदम नको. पाणी दिवसाला सहा ते आठ पेले, पण हृदय किंवा मूत्रपिंडासाठी पाणी मोजून द्यायला सांगितलं असेल तर तेवढंच.

पुढे कधी इसबगोल द्यायचा झाला तर एक चमचा पेलाभर पाण्यात घालून लगेच, बसवून प्यायला द्या. घट्ट झालेला घशात अडकतो. गिळायला त्रास असेल किंवा पाणी कमी पीत असतील तर देऊच नका.

बसण्याची सोय पाहिलीत का? संडास परड्यात असेल तर पावसात, अंधारात जायला नको म्हणून माणसं संध्याकाळपासून पाणीच पीत नाहीत आणि आलेली कळ दाबतात. खोलीतच कमोडची खुर्ची ठेवा. पायाखाली १५ ते २० सेंमी उंचीचं काहीतरी, दोन पाट एकावर एक रचले तर ते घसरू नयेत म्हणून बांधून टाका. गुडघे कमरेपेक्षा वर, कोपरं मांडीवर, थोडं पुढं झुकून. न्याहारीनंतर वीस-तीस मिनिटांनी आतडं आपोआप हलतं. तेव्हा दहा मिनिटं बसवा, नाही झालं तर उठवा. दार लोटलेलं ठेवा पण कडी नको, आणि काठी हाताशी राहू द्या.