‘स्थलांतर’ या एकाच शब्दावर किती भार टाकावा?

प्रश्न (बेळगाव)

आमच्या वाचनमंडळाने यंदा मानवी स्थलांतर आणि लोकसंख्येतील बदल या विषयावरील पुस्तके वाचायची असे ठरवले असून इंग्रजी उताऱ्यांचा मराठी गोषवारा करण्याचे काम माझ्याकडे आले आहे. एका उताऱ्यात रेव्हनस्टाईन या अभ्यासकाचा उल्लेख होता. ब्रिटनच्या जनगणनेतील आकडे तपासून त्याने 1885 मध्ये स्थलांतराचे काही नियम मांडले. त्यांतला एक असा की, जवळच्या अंतरापुरते पाहिले तर स्त्रिया पुरुषांपेक्षा अधिक स्थलांतर करतात. हे वाक्य वाचून दाखवताच मंडळातील एक वयस्कर मावशी म्हणाल्या, “बायका कुठल्या स्थलांतर करत्यात? त्या नांदायला जात्यात.” सगळे हसले, पण माझे लेखन तिथेच अडले. मावशींचा जन्म चंदगड तालुक्यातला आणि लग्न 1956 च्या आधीचे. तेव्हा चंदगड बेळगाव जिल्ह्यातच होते, म्हणजे त्या जिल्ह्यातल्या जिल्ह्यात आल्या. राज्यपुनर्रचनेत बेळगाव म्हैसूर राज्यात गेले आणि चंदगड तेवढे मुंबई राज्यात राहिले. जनगणनेत जन्मस्थळ आजच्या हद्दींप्रमाणे नोंदवले जात असल्याने मावशी आता आंतरराज्य स्थलांतरित ठरतात. या सगळ्याला ‘स्थलांतर’ हा एकच शब्द वापरणे योग्य आहे काय?

उत्तर (खानापूर)

शब्द चुकीचा नाही, पण तो कोरा आहे. ‘स्थलांतर’ म्हणजे एक जागा सोडून दुसरी धरणे. का सोडली, स्वखुशीने की नाइलाजाने, परत येणार की नाही, याबद्दल तो काहीच सांगत नाही. शास्त्रीय लेखनाला असा कोरा शब्द हवाच असतो. बोलीतले शब्द मात्र कारण पोटात घेऊनच येतात. दुष्काळात माणसे ‘जगायला’ जातात. सावकाराच्या किंवा सरकारच्या धाकाने गाव सोडणारा ‘परागंदा’ होतो. मूळ फारसी शब्दाचा अर्थ ‘विखुरलेला’ एवढाच, पण मराठीत त्याला लपून राहण्याची छटा चिकटली. घरदार गमावून वणवण करणारा ‘देशोधडीला’ लागतो. हिडकल धरणाच्या पाण्याखाली ज्यांची घरे गेली त्यांना ‘धरणग्रस्त’ म्हणतात. त्यांना कुणी ‘स्थलांतरित’ म्हटले तर ते स्वतःच हरकत घेतील, कारण त्या शब्दात धरण दिसत नाही. आपल्याकडच्या कन्नड बोलणाऱ्यांत ‘वलसे’ हा व्यापक शब्द आहे, आणि पोटासाठी हंगामापुरते गाव सोडण्याला ‘गुळे’ असा वेगळा शब्द आहे. त्यांच्याकडे ही विभागणी आहे, म्हणून वर्तमानपत्रातल्या बातमीतसुद्धा ती दिसते. आपण मात्र दोन्हींना एकाच दावणीला बांधतो.

जाता जाता, ‘प्रवासी मजूर’ हा प्रयोग तेवढा टाळावा. तो हिंदीतून 2020 च्या टाळेबंदीत आपल्या बातम्यांत शिरला. मराठीत प्रवासी म्हणजे एस.टी.त तिकीट काढून बसलेला माणूस.

एक सावधगिरी. मावशींचे म्हणणे भारतीय जनगणनेला चपखल लागू पडते: 2011 मध्ये पूर्वीच्या वास्तव्याच्या कसोटीवर सुमारे 45 कोटी माणसे स्थलांतरित ठरली, आणि स्त्रियांच्या बाबतीत विवाह हेच सर्वांत मोठे कारण होते. रेव्हनस्टाईनच्या वाक्यात मात्र ‘नांदायला’ घालू नका. त्याच्यासमोरच्या मुली घरकामाच्या नोकरीसाठी आणि कारखान्यांत कामासाठीही बाहेर पडत होत्या. तिथे ‘स्थलांतर’च ठेवावे.

उत्तर (निपाणी)

पुस्तकांचा दुसरा अर्धा भाग लोकसंख्येतील बदलाचा आहे, म्हणून एक शब्द सुचवतो: ‘बेचिराख’. आज आपण तो ‘जळून राख झालेले’ या अर्थाने वापरतो, पण त्यात राख नाहीच. मूळ शब्द फारसी ‘बेचिराग’, म्हणजे ज्या गावात दिवा लागत नाही असे गाव. शेवटच्या ‘ग’चा ‘ख’ झाला आणि लोकांना त्यात राख दिसू लागली. महसुली दप्तरात मूळ अर्थ शिल्लक आहे. वडिलांबरोबर जमिनीचे जुने कागद पाहताना एका गावाच्या नावापुढे कंसात ‘बेचिराग’ असे मी स्वतः वाचले आहे. त्या गावाला शिवार होते, सर्व्हे नंबर होते, आकारणी होती. घर एकही नव्हते. 1876 ते 1878 चा दुष्काळ आणि शतकाच्या अखेरचा प्लेग यांनी बेळगाव जिल्ह्याला चांगलेच पोळले. 1901 च्या गणनेत जिल्ह्याची लोकसंख्या सुमारे 9 लाख 94 हजार भरली, ती दहा वर्षांपूर्वीपेक्षा कमी होती. अशा ठिकाणी आपण ‘लोकसंख्या घटली’ असे लिहितो, आणि माणसे मेली की निघून गेली हे वाचकाला कळत नाही. निघून गेली असतील तर ‘गाव उठले’ म्हणावे, आणि मागे कुणीच उरले नसेल तर ‘बेचिराग झाले’. आगीशी गल्लत नको म्हणून ‘ग’च लिहावा, असे माझे मत आहे.

पुन्हा बेळगाव

दोन्ही सूचना घेतल्या. कोष्टके आणि शास्त्रीय नियम यांत ‘स्थलांतर’ ठेवले आहे. जिथे लेखकाने कारण सांगितले आहे तिथे कारणाचा शब्द घातला आहे, आणि ओस पडलेल्या गावांसाठी ‘बेचिराग’ हा शब्द एका ओळीच्या खुलाशासह वापरला आहे. सुधारलेला गोषवारा मावशींना वाचून दाखवला. जनगणनेच्या परिच्छेदात मी ‘नांदायला गेलेल्या स्त्रिया’ असे लिहिले होते. त्यांनी थोडा विचार करून स्वतःचेच म्हणणे दुरुस्त केले: “मी कुठं गेलो? मला हिकडं दिली.” ‘मुलगी कुठे दिली’ असे आपण सगळेच सहज विचारतो. या ‘देण्या’ला कोष्टकाचा कोणता रकाना द्यावा, हे मात्र अजून ठरलेले नाही.