मदत हवी आहे : पाणबुड्यांच्या खर्चातून महागाई वेगळी कशी काढू?

नमस्कार मंडळी. एमएच्या प्रोजेक्टला माझगाव डॉकच्या (मुंबईतली जहाजबांधणी गोदी) स्कॉर्पीन या फ्रेंच बनावटीच्या आराखड्याच्या पाणबुड्यांचा खर्च घेतलाय. (डॉकयार्ड रोडला लोकलमधून क्रेन दिसतात, त्यातून सुचलं!) 2005 मध्ये सहा पाणबुड्यांचा मंजूर खर्च 18,798 कोटी होता, 2010 मध्ये 23,562 कोटींवर गेला. शेवटची वागशीर नौदलात आली 2025 ला. यात महागाई किती आणि मुळातच अंदाज कमी धरलेला किती, हे कसं सोडवू? घाऊक किंमत निर्देशांक लावला, पण बरंच सामान फ्रान्सहून आलेलं, म्हणजे युरोचा भावही आला. सर म्हणतात, "जीडीपी डिफ्लेटर (देशाच्या एकूण उत्पादनाच्या किमतींवरून काढलेला महागाईचा निर्देशांक) लाव नि मोकळा हो." मला पटत नाही. एक्सेलमध्ये तीन रकाने, तीन उत्तरं! वर्षवार पैसे किती दिले, ते आकडे कुठे मिळतील? सोमवारी दाखवायचंय.