मदत हवी आहे: अमेरिकेतून आलेलं मराठी पुस्तक आणि त्यातलं कार्ड

नमस्कार मंडळी,

न्यू जर्सीत राहणाऱ्या मावसभावाने तिथल्या ग्रंथालयाच्या जुन्या पुस्तकांच्या विक्रीतून एक मराठी कादंबरी आणली आहे. आत छापील कॅटलॉग कार्ड आहे आणि 'पीएल ४८०' (पब्लिक लॉ ४८०, अमेरिकेचा एक कायदा) अशी नोंद. एवढ्यावरून निम्मं कोडं सुटलं. या कायद्याखाली अमेरिकेने आपल्याला गहू दिला, त्याचे पैसे रुपयांत इथेच साठले आणि १९६२ पासून त्यातल्या काही रुपयांतून लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या (अमेरिकी संसदेच्या ग्रंथालयाच्या) दिल्ली कार्यालयाने भारतीय भाषांतली पुस्तकं घेऊन अमेरिकेतल्या विद्यापीठांना पाठवली. गव्हाच्या बदल्यात कादंबऱ्या, सौदा वाईट नव्हता!

कार्डावर 'एसए ६५' ने सुरू होणारा क्रमांक आहे. 'एसए' म्हणजे दक्षिण आशिया आणि ६५ हे क्रमांक दिल्याचं वर्ष, प्रकाशनाचं नव्हे, असं मी समजतो. बरोबर ना?

आता खरी अडचण. विद्यापीठाचा शिक्का काळ्या शाईने खोडला आहे. पुस्तक मुळात कुठे होतं, हे वर्गीकरण क्रमांकावरून किंवा कार्डामागच्या खुणांवरून कळू शकतं का? दिल्ली कार्यालय त्या काळी घेतलेल्या पुस्तकांची यादी छापत असे. तिचे १९६५ च्या आसपासचे अंक पुण्या-मुंबईत कुणी पाहिले आहेत का?

शिवाय कार्डाचा खिसा डिंकाने चिकटवलाय, कागद तपकिरी पडतोय. काही जण काढून टाक म्हणतात, पण मला तो पुस्तकाइतकाच मोलाचा वाटतो. ग्रंथालयात काम केलेल्यांनी कृपया सांगावं. फोटो हवे असतील तर टाकतो.