वाळवलेले मांस, भाज्या आणि परतलेल्या नूडल्स : आपापल्या कढईतले अनुभव

उन्हात किंवा चुलीवरच्या धुरात वाळवून टिकवलेले मांस घालून परतलेल्या नूडल्स हा पदार्थ कोणत्याही एका प्रांताचा नाही. कोलकात्याच्या टांगरा भागातल्या हाक्का चिनी कुटुंबांनी नूडल्स भारतीय जिभेच्या ओळखीच्या केल्या आणि पुढे ज्याच्या त्याच्या घरी जे वाळवण होते ते त्यांत पडत गेले. ज्यांनी हा प्रकार स्वतः रांधला आहे, त्यांनी मांस कोणते होते, ते आधी कसे तयार केले, सोबत कोणत्या भाज्या घेतल्या आणि खारटपणा कसा सांभाळला, हे सविस्तर लिहावे. नुसती साहित्याची यादी नको. कढईत काय घडते ते वाचायला आवडेल.

म्हापसा, गोवा

आमच्याकडे या कामाला चोरीस, म्हणजे डुकराच्या मांसाची मसालेदार गोवन सॉसेजे. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात त्यांच्या मण्यांसारख्या ओवलेल्या माळा मिळतात आणि पावसाळ्याआधीच्या पुरुमेंताच्या, म्हणजे साठवणीच्या, खरेदीत सुक्या मासळीबरोबर त्याही घरात येतात. डुकराचे मांस आणि चरबी यांच्या तुकड्यांत सुकी लाल मिरची, लसूण, आले, मिरी, लवंग, दालचिनी आणि माडाच्या ताडीचे व्हिनेगर आधीच मुरलेले असते, त्यामुळे नूडल्सना चिली सॉस किंवा वेगळे व्हिनेगर लावण्याचे कारणच उरत नाही.

मी वरचे आवरण चिरून काढते, मांस कढईत घालते आणि ते जेमतेम बुडेल इतके पाणी घालून झाकण ठेवते. पाणी आटू लागले की कढईकडे कानही द्यावा लागतो : आधी जड खदखद असते, मग ती हळूहळू बारीक तडतडीत बदलते, आणि गढूळ लाल रसाच्या जागी तळाशी स्वच्छ शेंदरी तेल दिसू लागते. पाणी पूर्ण गेल्याची आणि चरबी सुटल्याची खूण हीच. त्या तेलाखेरीज एक थेंबही मी वेगळा घालत नाही. मांस बाजूला काढून त्याच तेलात जाड चिरलेला कांदा, तिरकी कापलेली फरसबी आणि कोबी मोठ्या आचेवर परतते, मग उकडून गार केलेल्या नूडल्स घालते आणि मांस पुन्हा सोडते. सोया सॉस मी अजिबात वापरत नाही. चोरीसाचे मीठ त्या पदार्थाला पुरून उरते आणि सोया सॉसने त्याचा आंबट-तिखट स्वाद दबून जातो, असे माझे ठाम मत आहे. गॅस बंद केल्यावर कच्चा कांदा आणि लिंबू मात्र हवेच.

कोहिमा (बँकेच्या बदलीमुळे काही वर्षे वास्तव्य)

इथे डुकराच्या मांसाच्या पट्ट्या चुलीच्या वर टांगून अनेक दिवस धुरावर ठेवतात. बाहेरून काळा, खरबरीत थर येतो, तो गरम पाण्याने घासून धुतल्याशिवाय मांस रांधू नये, अन्यथा कडवटपणा येतो, हे मला आमच्या घरमालकीण आँटींनी शिकवले. नंतर चामडीत सुरी सहज शिरेपर्यंत ते उकडायचे. ते पाणी फेकायचे नाही, कारण त्यातच नूडल्स उकडल्या की धुराचा वास पदार्थात सर्वत्र पोचतो आणि वेगळे मीठ फारसे लागत नाही. मांसाचे पातळ काप कडा कुरकुरीत होईपर्यंत स्वतःच्याच चरबीत परतून त्यात बांबूचे कोंब आणि लाईची, म्हणजे मोहरीच्या जातीच्या भाजीची, पाने घालायची. राजा मिरची, म्हणजे इथली अतितिखट मिरची, मी चिरत नाही. एक अख्खीच कढईत सोडते आणि वास लागला की बाहेर काढते. सुमी लोकांची अखुनी, म्हणजे आंबवलेले सोयाबीन, मिळाली तर चमचाभर घालावी. तिच्यापुढे बाटलीतला कोणताही सॉस फिका वाटतो.

पुणे, मूळ गाव बीड जिल्ह्यात

स्वयंपाकाच्या पुस्तकांत आमचे वाळवण सहसा आढळत नाही, म्हणून मुद्दाम लिहितो. मांसाच्या लांब पट्ट्या कापून, त्यांना मीठ-हळद लावून दोरीवर कडक उन्हात वाळवणे ही आमच्या आजीच्या पिढीची अडीअडचणीच्या दिवसांची तजवीज होती. या पट्ट्यांना आम्ही चान्या म्हणतो. राज्यात 2015 पासून बैलाच्या कत्तलीवरही बंदी आली, तेव्हापासून आमच्या घरी त्या म्हशीच्या किंवा बोकडाच्या मांसाच्या असतात.

चान्या उकडायच्या नाहीत. त्या जाळीवर, शक्य असेल तर निखाऱ्यावर, कडा फुलेपर्यंत भाजायच्या आणि पाट्यावर वरवंट्याने ठेचून त्यांचे तंतू सुटे करायचे. त्यांत चरबी जवळजवळ नसल्यामुळे तेल थोडे सढळ हाताने लागते, आणि माझ्या मते करडईचे तेलच हवे. ठेचलेला लसूण, लाल तिखट, कोबी आणि ढोबळी मिरची यांबरोबर निम्मे तंतू परततो. उरलेले ताट वाढताना वरून घालतो, म्हणजे ते नरम पडत नाहीत. कांद्याची पातही शेवटीच. माझ्या मुलांना चान्यांची चव अशी नूडल्समधूनच लागली, आणि आता ती त्या नुसत्या भाकरीबरोबरही मागून खातात.

सिंगापूर

इथल्या ‘चार क्वे तिओ’ या पदार्थात, म्हणजे तांदळाच्या परतलेल्या रुंद नूडल्समध्ये, लाप चोंग हे वाळवलेले चिनी सॉसेज पूर्वापार पडत आले आहे. त्यात साखर असते, त्यामुळे मोठ्या आचेवर ते पाहता पाहता करपते. मी ते दहा मिनिटे वाफवून, तिरके पातळ काप करून मध्यम आचेवर आधी परतून घेते आणि मगच आच वाढवून मोड आलेले मूग व नूडल्स घालते.

देवगड, पूर्वी काठमांडू

नेपाळात सुकुटी घालून चाउमिन करतात. म्हशीचे वाळवलेले मांस कोमट पाण्यात भिजवून, उभे फाडून, आले-लसणावर परतायचे आणि शेवटी टिमुर कुटून घालायचा. गावी परतल्यावर टिमुर मिळेना, तेव्हा मी त्याच कुळातले आपले तिरफळ वापरले. काळ्या बिया काढून नुसत्या साली कुटाव्यात. जिभेवर तीच झिणझिण येते, फक्त वास अधिक उग्र असतो, म्हणून दोन माणसांना चार तिरफळे पुष्कळ झाली.

म्हापशाहून पुन्हा

भाज्यांना पाणी सुटते, अशी तक्रार नेहमी ऐकू येते, म्हणून एवढे जोडते. उकडलेल्या नूडल्स निथळून, तेलाचा हात लावून ताटात पसरून ठेवाव्यात आणि एका वेळी दोन माणसांपुरत्याच परताव्यात. ओल्या नूडल्सचा ढीग कढईत पडला की कढई निवते, भाज्या परतल्या न जाता वाफेत शिजतात आणि इतक्या निगुतीने कुरकुरीत केलेले मांसही पुन्हा चिवट होते.